ललिताबाई पवार : येवल्याची अंबा ते पडद्यावरची सासू

आपल्या हैदराबादी मराठी घरांमध्ये एखाद्या सासूबाईंनी जरा आवाज चढवला की घरातले कोणीतरी मागच्या खोलीत जाऊन हळूच ललिता पवारांचे नाव घेत असे. सुनांची ती सांकेतिक भाषाच होती म्हणा ना. नामपल्ली, सुलतान बाजार, काचीगुडा, कुठेही जा, नाव एकच. आमच्या तेलुगू शेजाऱ्यांकडे याच कामासाठी सूर्यकांतम्मांचे नाव वापरात होते. ‘गुंडम्मा कथा’ (१९६२) मधल्या गुंडम्मा त्याच. त्यांच्या भूमिकांमुळे आंध्रात मुलींचे नाव सूर्यकांतम ठेवायला लोक बिचकू लागले, असे आमचे तेलुगू मित्र गमतीने सांगतात. ललिता हे नाव मात्र आपल्याकडे सुदैवाने टिकून राहिले.

नाव टिकले, पण बाईंचे बाकी सगळे पुसले गेले. तरुण पिढीला त्या ठाऊक आहेत त्या केवळ रामायण मालिकेतल्या मंथरा म्हणून, आणि आमच्या पिढीला खाष्ट सासू म्हणून. त्या एकेकाळी तलवार घेऊन घोडदौडीच्या स्टंटपटांत नायिका होत्या, त्यांनी स्वतः चित्रपट काढले होते, आणि त्यांचा तो प्रसिद्ध बारीक झालेला डावा डोळा ही अभिनयाची लकब नव्हती, तर एका अपघाताची खूण होती, हे फार थोड्यांना माहीत असते. म्हणून या वेळी त्यांच्याविषयी लिहायचे ठरवले.

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातल्या येवल्याचा. आपल्याकडची मंडळी शिर्डीला जाताना नगरसोल स्टेशनवर उतरतात ना, ते नगरसोल येवला तालुक्यातच येते. येवला म्हणजे तात्या टोपे यांचे जन्मगाव आणि पैठणीचे माहेरघर. ज्या पैठणीसाठी आपल्या घरच्या लग्नांमध्ये अजूनही खास येवल्याची फेरी होते, त्याच कापडाच्या पेठेत ललिताबाईंचे वडील लक्ष्मणराव सगुण व्यापार करीत. रेशमी आणि सुती कापडाचा मोठा धंदा होता, घर खाऊनपिऊन सुखी होते. मुलीचे नाव अंबा ठेवले होते. मुलींना शाळेत घालण्याची पद्धत त्या घरी नव्हती, त्यामुळे अंबाचे शिक्षण राहून गेले.

वडिलांबरोबर पुण्याला आलेली ही परकरी पोर नानासाहेब सरपोतदार यांच्या आर्यन फिल्म कंपनीत पोचली आणि १९२८ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटात तिने पहिले काम केले. पगार ठरला महिना १८ रुपये. आम्ही आयुष्यभर बँकेत आकडे पाहिले, त्यामुळे हा आकडा वाचल्यावर लगेच हिशेब करावासा वाटला. त्या काळी सोन्याचा भाव तोळ्याला वीस रुपयांच्या आसपास होता. म्हणजे एका शाळेत न गेलेल्या मुलीला महिन्याला जवळजवळ तोळाभर सोन्याची कमाई होती. घरातल्या बायकांनी सिनेमात काम करणे त्या काळी प्रतिष्ठेचे मानले जात नव्हते, हे लक्षात घेतले तर लक्ष्मणरावांनी परवानगी दिली याचेच आश्चर्य वाटते.

मूकपटांच्या काळात पुण्याच्या कंपन्यांमध्ये तलवारबाजीचे, धावपळीचे स्टंटपट निघत. त्यांत ललिताबाई नायिका असत. १९३१ सालचा ‘दिलेर जिगर’ हा त्यांपैकी एक. दिग्दर्शक गणपतराव पवार, जे पुढे ललिताबाईंचे पती झाले. आपल्या देशातले बहुतेक मूकपट जळून किंवा सडून गेले. त्या फिल्मा पेट घेणाऱ्या असत आणि जपण्याची कोणाला फिकीर नव्हती. ‘दिलेर जिगर’ मात्र सुदैवाने वाचला आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पोचला. त्यात पंधरा वर्षांच्या, दोन्ही डोळे टपोरे असलेल्या ललिताबाई दिसतात. ज्यांनी त्यांना फक्त पांढऱ्या साडीत आणि कपाळाला आठ्या घातलेल्या पाहिले आहे, त्यांना ही तीच बाई आहे हे पटायला वेळ लागेल.

१९३२ मध्ये ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता, आणि १९३८ मध्ये त्यांनी ‘दुनिया क्या है’ हा बोलपट काढला. वय अवघे बावीस. आज स्त्री निर्मात्या म्हटले की वर्तमानपत्रे पानभर लिहितात, पण येवल्याच्या या न शिकलेल्या मुलीचे नाव त्या यादीत क्वचितच दिसते. दरम्यान १९३५ च्या ‘हिंमत-ए-मर्दा’ मध्ये त्यांनी स्वतःची गाणी स्वतः म्हटली होती, कारण पार्श्वगायनाची पद्धत तेव्हा नुकतीच कुठे सुरू होत होती. भालजी पेंढारकरांच्या ‘नेताजी पालकर’ मध्ये आणि मास्टर विनायकांच्या ‘अमृत’ मध्येही त्या होत्या. ‘अमृत’ ची कथा वि. स. खांडेकरांची. थोडक्यात सांगायचे तर १९४१ पर्यंत ललिता पवार हे नायिकेचे नाव होते, आणि पुढचा रस्ताही नायिकेचाच दिसत होता.

मग १९४२ साल उजाडले. ‘जंग-ए-आझादी’ नावाच्या चित्रपटाचे चित्रण चालू होते. प्रसंग साधा होता, नायकाने नायिकेला थोबाडीत मारायची. मारणारे होते मास्टर भगवान, म्हणजे पुढे ‘अलबेला’ मुळे घराघरांत पोचलेले आपले भगवानदादा. दादांना कुस्तीचा नाद होता आणि अंगात ताकद भरपूर. हात जरा राखून मारायचा असतो, तो राखला गेला नाही. ललिताबाईंच्या डाव्या डोळ्याजवळची शीर फुटली. पुढे चेहऱ्याच्या त्या बाजूवरून वारे गेले. उपचार सुमारे तीन वर्षे चालले. चेहरा बऱ्याच अंशी सावरला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

यात कोणाचा कट नव्हता, वैर नव्हते. दोन माणसे आपापले काम करीत होती आणि एक हात जास्त जोरात बसला, इतकेच. पण परिणाम पाहा. नायिकेचे भांडवल म्हणजे तिचा चेहरा, आणि ते भांडवल वयाच्या सव्विसाव्या वर्षी एका क्षणात बुडाले. ना विमा, ना भरपाई, ना निवृत्तिवेतन. आमच्या बँकेच्या भाषेत हे थेट बुडीत खाते. सिनेमाच्या धंद्यात त्या काळी असे झाले की बाई घरी बसे, आणि दोन वर्षांत तिचे नाव लोक विसरत.

ललिताबाई घरी बसल्या नाहीत. १९४४ मध्ये प्रभातचा ‘रामशास्त्री’ आला. गजानन जागीरदार रामशास्त्री प्रभुणे झाले होते आणि ललिताबाईंच्या वाट्याला आनंदीबाई आली. राघोबादादांची बायको, जिने ‘ध’ चा ‘मा’ केला आणि नारायणराव पेशव्यांचा खून झाला, असे आपण पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आलो. इतिहासकार त्या गोष्टीविषयी काहीही म्हणोत, मराठी मनात आनंदीबाईची जागा ठरलेली आहे. ती भूमिका ललिताबाईंनी केली आणि प्रेक्षकांना कळले की या चेहऱ्याने आता वेगळेच काही करता येते. जो डोळा नायिकेसाठी वैगुण्य ठरला, तोच आनंदीबाईच्या कारस्थानाला उपयोगी पडला. ललिताबाईंनी तो लपवायचा प्रयत्न केलेला आम्हांला तरी कुठल्या चित्रपटात दिसला नाही. रागाच्या प्रसंगात त्या तो आणखी बारीक करीत, आणि चित्रपटगृहात पुढच्या रांगेतल्या बायका पदर तोंडाला लावीत.

त्यानंतर १९४८ मध्ये ‘गृहस्थी’ आणि १९५० मध्ये शांतारामबापूंचा ‘दहेज’. ‘दहेज’ मध्ये पृथ्वीराज कपूर मुलीचे वडील, जयश्री सून आणि ललिताबाई सासू. हुंडा पुरता मिळाला नाही म्हणून सुनेला छळणारी ही सासू लोकांच्या इतकी डोक्यात बसली की पुढे तीस वर्षे निर्मात्यांना सासू हवी झाली की दुसरे नाव सुचत नसे. हुंडाबंदीचा कायदा व्हायला तेव्हा आणखी अकरा वर्षे होती, तो झाला १९६१ मध्ये. कायदा होऊनही काय झाले ते आपण जाणतोच. मुलीच्या लग्नाचे कारण लिहून भविष्य निर्वाह निधीतून पैसे काढायचे अर्ज आम्ही नोकरीच्या काळात इतके पाहिले की मोजदाद नाही. कारणाच्या रकान्यात फक्त विवाह असे लिहिलेले असे, पण अर्जदाराच्या चेहऱ्यावर बाकीचे वाचता येई. ललिताबाईंची सासू अतिशयोक्तीची होती असे ज्यांना वाटते त्यांनी ते चेहरे पाहायला हवे होते.

इथपर्यंतची गोष्ट बऱ्याच जणांना थोडीफार ठाऊक असते. ललिताबाईंची खरी कमाई आमच्या मते याच्या पलीकडे आहे. ज्या बाईवर दुष्ट सासूचा शिक्का बसला, तिनेच हिंदी पडद्यावरच्या काही अत्यंत प्रेमळ आया साकारल्या. १९५२ च्या ‘दाग’ मध्ये त्या दारूच्या व्यसनात बुडालेल्या दिलीपकुमारची आई झाल्या. वास्तवात दिलीपकुमार त्यांच्यापेक्षा फक्त सहा वर्षांनी लहान! छत्तिसाव्या वर्षी तिशीतल्या नायकाची आई व्हायचे, आणि ती आई खरी वाटायला लावायची. ‘श्री ४२०’ (१९५५) मधली फुटपाथवर केळी विकणारी गंगामाई आठवा. मुंबईत नव्याने आलेल्या राज कपूरला ती घासाघीस करता करता आपलेसे करते. मोअज्जमजाही मार्केटच्या बाहेर टोपली घेऊन बसणाऱ्या बायका आम्ही लहानपणापासून पाहत आलो. तोंडाने फटकळ, पण गरीब गिऱ्हाईक पाहिले की एक फळ जास्त टाकणाऱ्या. ललिताबाईंनी ही बाई कुठे आणि कधी पाहून ठेवली होती कोण जाणे.

आणि मग ‘अनाडी’. हृषीकेश मुखर्जींचा १९५९ चा चित्रपट. यातली मिसेस डिसा ही मुंबईतली ख्रिस्ती घरमालकीण. भाडेकरू राज कपूर, खिशात दमडी नाही, आणि प्रामाणिकपणा नको तेवढा. बाई दिवसभर त्याच्यावर खेकसते, भाड्यासाठी तगादा लावते, आणि तो उपाशी आहे हे कळले की काहीतरी निमित्त काढून त्याला जेवू घालते. हे सगळे ललिताबाई कसे करतात ते नीट पाहण्यासारखे आहे. खेकसताना आवाज तोच, ‘दहेज’ च्या सासूचा. चेहराही तोच, डोळाही तोच. तरीही पहिल्या पाच मिनिटांत आपल्याला कळते की ही माया आहे. एकाच हत्यारांनी दोन विरुद्ध कामे करून दाखवणे फार थोड्यांना जमते. पुढे भेसळीच्या औषधाने मिसेस डिसा मरते आणि तिच्या मृत्यूचा आळ त्या अनाडी मुलावर येतो. चित्रपटाचा सगळा उत्तरार्ध त्या मृत्यूवर उभा आहे. प्रेक्षकाने मिसेस डिसावर जीव लावला नसता तर तो उत्तरार्ध कोसळला असता. या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. हृषीदा ती बाई विसरले नाहीत. बारा वर्षांनी ‘आनंद’ मध्ये त्यांनी ललिताबाईंना इस्पितळातली मेट्रन केले आणि आडनाव पुन्हा डिसाच ठेवले.

त्याच १९५९ सालात बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ आला. अस्पृश्य घरात जन्मलेली अनाथ मुलगी ब्राह्मण कुटुंबात वाढते, ही कथा. ललिताबाई त्यात सोवळेओवळे पाळणाऱ्या बुवाजी, म्हणजे आत्याबाई झाल्या. त्या दुष्ट नाहीत, हे महत्त्वाचे. मनापासून धार्मिक आहेत, नातवावर जीव आहे, आणि तरीही एका निरपराध मुलीला शिवून घेत नाहीत. आपल्या घरांतल्या किती आज्ज्या अशा होत्या ते ज्याचे त्याने आठवावे. आणखी एक गोष्ट आम्हांला या चित्रपटात नेहमी सुखावते. दिग्दर्शक बंगाली, कथा बंगाली, पण पडद्यावर पाहा तर सुजाता झाली आहे नूतन समर्थ, तिला वाढवणारी आई सुलोचना, घरची मुलगी सोलापूरची शशिकला, आणि आत्याबाई येवल्याच्या ललिता पवार. चार मराठी बायकांनी एक बंगाली घर उभे केले. हैदराबादेत राहून आपण रोज दुसऱ्यांच्या भाषेत संसार करतो, त्यामुळे असेल कदाचित, आम्हांला याचे कौतुक जरा जास्त वाटते.

विनोदही त्यांना उत्तम जमे. गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ मध्ये पुरुषजातीचा द्वेष करणारी मधुबालाची आत्या, ‘जंगली’ (१९६१) मध्ये घरात हसायला बंदी करणारी शम्मी कपूरची आई. आणि ‘प्रोफेसर’ (१९६२) तर विलक्षणच. शम्मी कपूर म्हाताऱ्या प्रोफेसराचे सोंग घेऊन शिकवायला येतो आणि घरातली कडक आत्याबाई त्या सोंगाच्या प्रेमात पडते. पन्नाशीच्या बाईला प्रेम वाटू शकते, ती आरशात पाहून लाजू शकते, हे १९६२ मध्ये दाखवणे म्हणजे हशा पिकवण्याचा सोपा मार्ग होता. हशा पिकतोही. पण सोंग उघडे पडल्यावर त्या बाईचा जो अपमान होतो, तिथे ललिताबाईंनी हसू थांबवले आहे. ‘कोहरा’ (१९६४) मधली काळोख्या हवेलीतली दाई पाहून मात्र आम्ही लहानपणी पांघरुणात तोंड लपवले होते. आबिड्सला पॅलेस किंवा जमरूद महलमध्ये हिंदी सिनेमा पाहायचा तो काळ. आमच्या वडीलधाऱ्यांचे शिक्षण निजामाच्या अमलात उर्दूतून झालेले, त्यामुळे संवाद त्यांना पुण्यामुंबईच्या नातेवाइकांपेक्षा चांगले समजत, आणि याचा त्यांना थोडा तोराही असे.

मराठीत ‘जय मल्हार’, ‘अमर भूपाळी’ वगैरे चित्रपट झाले. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. सत्तरच्या दशकानंतर चांगल्या भूमिका कमी होत गेल्या आणि त्याच त्या सासवा पुन्हा वाट्याला आल्या. १९८० चा ‘सौ दिन सास के’ हा तर त्यांच्या प्रतिमेवरच बेतलेला होता. त्यांनी तेही मन लावून केले. आलेले काम नाकारायचे नाही, ही मूकपटाच्या कंपनीत महिना पगारावर घडलेल्या माणसांची शिस्त असावी.

२५ जानेवारी १९८७ रोजी दूरदर्शनवर रामानंद सागर यांचे ‘रामायण’ सुरू झाले. सागरसाहेबांच्या ‘आँखें’ मध्ये ललिताबाईंनी काम केले होते. मंथरेसाठी त्यांना दुसरे नाव शोधावे लागले नसणार, कारण १९६१ च्या ‘संपूर्ण रामायण’ चित्रपटातही मंथरा ललिताबाईच होत्या. आता वय सत्तर. कुबड काढून, काठी टेकत, पद्मा खन्नांच्या कैकेयीच्या कानाशी लागणारी ती म्हातारी. कौसल्या जयश्री गडकर, दशरथ बाळ धुरी. अयोध्येच्या राजवाड्यातही आपली मराठी माणसे बरीच होती! रविवारी सकाळी नामपल्ली स्टेशन रोडवर शुकशुकाट असे. आमच्या वाड्यात दोनच टीव्ही होते, आणि त्यांच्यासमोर मराठी, तेलुगू, मारवाडी, मुसलमान सगळी कुटुंबे दाटीवाटीने बसत. मंथरा आली की बायका बोटे मोडीत. एका आजींनी तर पडद्याकडे पाहून खरोखर शिव्या मोजल्या, आणि त्याच आजींनी ‘अनाडी’ मध्ये मिसेस डिसा गेल्यावर दोन रुमाल भिजवले होते. ती बाई एकच आहे हे त्यांना शेवटपर्यंत कोणी सांगितले नाही.

खासगी आयुष्याविषयी थोडेच लिहितो. गणपतराव पवारांशी झालेला विवाह टिकला नाही. पुढे त्यांनी निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी विवाह केला. पडद्यावर मात्र पवार हे आडनाव शेवटपर्यंत राहिले. उतारवयात त्या पुण्याला औंधमध्ये राहायला गेल्या. जबड्याचा कर्करोग झाला होता. ज्या चेहऱ्याने एकदा दगा दिला होता, त्याच चेहऱ्याला पुन्हा दुखणे लागले.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या औंधच्या बंगल्यात वारल्या. पती त्या वेळी उपचारासाठी इस्पितळात होते आणि घरात दुसरे कोणी नव्हते. मुलाने फोन केला, तो कोणी उचलला नाही, तेव्हा शोध घेतला गेला आणि दार उघडल्यावर त्या गेल्याचे कळले. हे कळायला मध्ये दोन दिवस गेले होते. सत्तर वर्षे देशभरच्या घराघरांत जिचा वावर होता, तिच्या घरात शेवटी हाक ऐकायला कोणी नव्हते. आपल्या मंडळाच्या कितीतरी सभासदांची मुले आता अमेरिकेत नाही तर बंगळुरूला आहेत आणि घरात दोघेच किंवा एकटेच राहतात, म्हणून ही हकिकत वाचताना आम्ही जरा थांबलो.

२०२० च्या मार्चअखेर टाळेबंदीत दूरदर्शनने ‘रामायण’ पुन्हा दाखवले, तेव्हा आमच्या नातवंडांनी मंथरा प्रथम पाहिली. या बाई गेल्या त्याला बावीस वर्षे झाली, हे त्यांना खरेच वाटेना. ज्या सभासदांना ललिताबाई नव्याने पाहायच्या असतील त्यांनी सासूपासून सुरुवात करू नये असे आम्ही सुचवतो. आधी ‘अनाडी’ पाहावा, मग ‘सुजाता’, मग ‘प्रोफेसर’, आणि त्यानंतर ‘दहेज’. पुण्याला चित्रपट संग्रहालयात जायचा योग आलाच तर ‘दिलेर जिगर’ ची चौकशी जरूर करावी. तलवार हातात घेतलेली पंधरा वर्षांची अंबा तिथे आहे.